घरातल्या वस्तूंना जिवंत करणारं ॲनिमेशन: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गेली सात वर्षं मी नाशिकला घरातल्याच एका खोलीत डबे, चमचे, बटणं, अडकित्ते असल्या गोष्टी एकेक फोटो काढत हलवते, आणि सुट्टीत चार-आठ जणांना शिकवतेही. प्रत्येक बॅचला साधारण तेच प्रश्न येतात, फोनवर पण तेच, म्हणून एकदा सगळं सविस्तर लिहून काढलंय. घाई असेल तर लाइटचा प्रश्न आणि वजनाचा प्रश्न एवढे दोन तरी वाचाच.

हे नक्की असतं काय? कार्टूनच ना?

कार्टूनमध्ये चित्र काढलेलं असतं, इथे खरी वस्तू असते. समोर वाटी ठेवायची, फोटो काढायचा, वाटी दोन मिलिमीटर सरकवायची, परत फोटो, परत सरकवायची, आणि हे सगळे फोटो भराभर दाखवले की वाटी आपली आपण चालतेय असं दिसतं. याला स्टॉप मोशन म्हणतात. माती किंवा बाहुल्या न वापरता तयार वस्तूच हलवल्या की ऑब्जेक्ट ॲनिमेशन, आणि वस्तूच्या जागी जिवंत माणसालाच असं फोटो-फोटो करून हलवलं तर पिक्सिलेशन.

सिनेमाचा नेहमीचा वेग सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे २४ स्थिर चित्रं. आपण बहुतेक वेळा एक फोटो दोन फ्रेम धरून ठेवतो, म्हणजे सेकंदाला १२ फोटो, मिनिटाला ७२०. घाबरू नका, पहिली फिल्म ८ सेकंदांचीच करा.

मग 'प्रयोगशील' कशाला म्हणायचं? वस्तू हलली की झालं ना?

नाही, आणि माझ्यासाठी सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न हाच आहे. चमच्याला डोळे चिकटवले, तोंड काढलं, त्याला माणसासारखं बोलायला लावलं तर तो चमचा राहतच नाही, तो चमच्याच्या वेशातला माणूस होतो. जाहिरातीत ते चालतं, लहान मुलांना आवडतं, मला त्याबद्दल तक्रार नाही. पण प्रयोग तिथे सुरू होतो जिथे तुम्ही चमच्यालाच विचारता की बाबा तू कसा हलशील? तुझं पोट जड आहे, दांडा हलका आहे, उपडा ठेवला तर तू डोलतोस, उताणा ठेवला तर घसरतोस. या डोलण्या-घसरण्यातून जे निघतं ते त्याचं स्वतःचं वागणं.

आपल्या भाषेत तर याची अर्धी तयारी झालेलीच आहे बघा. कढईला कान असतात, घागरीला तोंड असतं, बाटलीला गळा, खुर्चीला पाय-पाठ-हात सगळंच, फणीला दात. आणि कोडी! 'तीन पायांची तिपाई, वर बसला शिपाई' म्हटल्यावर लहानपणी मला चुलीवरचा तवा खरोखर ऐटीत बसलेला दिसायचा. त्या तव्याला कुणी डोळे लावले नव्हते.

हे कुणी सुरू केलं? परदेशी प्रकार आहे का?

सुरुवात सिनेमाच्या अगदी बालपणी झाली. अमेरिकेत जे. स्टुअर्ट ब्लॅकटननी १९०७ मध्ये 'द हाँटेड हॉटेल' केली, त्यात सुरी आपोआप पाव कापते. पुढच्याच वर्षी स्पेनच्या सेगुंदो दे चोमोननी 'एल ओतेल एलेक्त्रिको' केली, त्यात पाहुण्यांच्या बॅगा स्वतःच चालत खोलीत जातात, ब्रश बुटांना पॉलिश करतो. त्याच सुमाराला फ्रान्समध्ये एमिल कोल काडेपेटीतल्या काड्या नाचवत होते.

आणि आता आपल्याकडचं. दादासाहेब फाळके. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) सगळ्यांना माहीत असतो, पण त्याच्या आधी, १९१२ मध्ये लंडनहून कॅमेरा घेऊन आल्यावर त्यांनी काय केलं? कुंडीत वाटाणा लावला आणि तो उगवताना, वाढताना थोडा थोडा करून शूट केला. पडद्यावर एका मिनिटात बी चा वेल झाला, ते बघून पैसे लावणाऱ्याचा विश्वास बसला. म्हणजे या देशातला कथापट उभा राहिला तो घरातल्या कुंडीतल्या एका वाटाण्याच्या जोरावर, आणि घरातल्या बाईच्याही जोरावर, कारण सरस्वतीबाई रात्री बसून फिल्मला भोकं पाडायच्या. नंतर १९१५ च्या सुमारास फाळक्यांनी 'आगकाड्यांची मौज' नावाची छोटी फिल्म केली, नावाप्रमाणेच काड्यापेटीतल्या काड्यांची. आज ती बघायला मिळत नाही, आणि मला त्याचं खरंच फार वाईट वाटतं. मी ज्या गावात काड्या हलवते त्याच गावात पुढे त्यांची हिंदुस्थान फिल्म कंपनी होती.

तेव्हा परदेशी म्हणून लांब ठेवू नका. शंभरहून जास्त वर्षं झाली मराठी माणसाने काड्या नाचवल्याला.

बघायला काय काय आहे? नावं सांगा.

खूप आहे, पण मी पाचच सांगते, आणि या क्रमाने बघा.

पहिली 'अ चेअरी टेल', कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाची, १९५७, नॉर्मन मॅकलारेन आणि क्लोद जुत्रा यांची. एक माणूस पुस्तक वाचायला खुर्चीवर बसायला जातो आणि खुर्ची बसूच देत नाही. साधारण १० मिनिटं एवढंच चालतं. खुर्चीला चेहरा नाही, आवाज नाही, साधी लाकडी खुर्ची आहे, पण ती रुसलीय, वैतागलीय, तिला काहीतरी हवंय हे तुम्हाला लख्ख कळतं. काही ठिकाणी ती पातळ दोऱ्यांनी हलवलीय, काही ठिकाणी फ्रेम-फ्रेमने. आणि संगीत कुणाचं माहितीय? पंडित रविशंकरांचं! तबल्यावर चतुरलाल. सतार आणि खुर्ची यांचं भांडण ऐकण्यासारखं आहे.

दुसरे यान श्वांकमायेर, जन्म १९३४, प्राग. यांचं सगळंच बघा, पण आधी 'डायमेन्शन्स ऑफ डायलॉग' (१९८२). त्यात एक डोकं भाज्या-फळांचं आहे, एक भांड्याकुंड्यांचं, एक पुस्तकं-कागद-कंपासपेटीच्या सामानाचं, आणि ही डोकी एकमेकांना गिळतात, चावतात, ओकतात, शेवटी सगळ्यांचा बारीक लगदा होऊन सगळी सारखी होतात. शेवटच्या भागात दोन डोकी तोंडातून वस्तू काढतात, एक टूथब्रश आणि दुसरा त्यावर पेस्ट, एक बूट आणि दुसरा नाडी, एक पाव आणि दुसरा लोणी, सगळं छान जुळतं. मग जोड्या चुकायला लागतात, ब्रशवर लोणी, बुटावर पेस्ट, आणि भांडण पेटतं. एकही शब्द नाही! त्यांच्या देशातल्या कम्युनिस्ट सरकारने त्यांना सत्तरच्या दशकात काही वर्षं फिल्म करू दिली नव्हती, त्यामुळे या गिळागिळीकडे नुसती गंमत म्हणून बघता येत नाही. त्यांची 'ॲलिस इन वंडरलँड'वरची ॲलिस (१९८८) पण बघा, त्यातला सुरवंट म्हणजे एक मोजा आहे, काचेचे डोळे आणि कवळी लावलेला, आणि झोपायची वेळ झाली की तो सुईदोऱ्याने स्वतःचे डोळे शिवून टाकतो. मोजा दुसरं काय करणार, त्याला रफूच माहीत! (हो, इथे डोळे लावलेत. पण ते डोळे शिवले जातात म्हणून त्यांना अर्थ आहे.)

तिसऱ्या हर्मिना टिर्लोव्हा, झेक, झ्लीन गावात काम केलेल्या. झ्लीन म्हणजे बाटाच्या बुटांचं गाव, आणि तिथला स्टुडिओसुद्धा मुळात बाटाच्या जाहिरातींसाठी उभा राहिलेला. टिर्लोव्हांनी रुमाल घेतला, त्याला गाठ मारली, ती गाठ हेच डोकं आणि टोकं म्हणजे हातपाय. लहान मुलं घरी असतील तर यापासून सुरुवात करा.

चौथे क्वे बंधू, जुळे भाऊ, लंडनला काम करतात. 'स्ट्रीट ऑफ क्रोकोडाइल्स' (१९८६) मध्ये स्क्रू स्वतःला भोकातून पिळून बाहेर काढतात आणि धुळीतून गोल गोल फिरत निघून जातात. फिल्मचा बाकीचा भाग कळला नाही तरी चालेल, ते स्क्रू बघा.

पाचवा पेझ या नावाने काम करणारा अमेरिकन. 'वेस्टर्न स्पॅगेटी' (२००८) आणि 'फ्रेश ग्वाकामोले' (२०१२), ग्वाकामोले म्हणजे ॲव्होकाडोची मेक्सिकन चटणी. पावणेदोन मिनिटांच्या आतली ती दुसरी फिल्म ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेली. ॲव्होकाडोच्या जागी हातबॉम्ब, तो चिरला की आत मऊ हिरवं, आणि कांद्याच्या जागी बेसबॉल, चिरला की त्याचे छोटे छोटे फासे होतात. यात वस्तू 'जिवंत' होत नाहीत खरं तर, त्या दुसऱ्या वस्तूची नोकरी करतात.

ही 'दुसऱ्या वस्तूची नोकरी' आपल्या स्वयंपाकात कशी करायची?

मी फोडणी केली होती, नऊ सेकंदांची. तेल म्हणजे पिवळा जिलेटिन कागद, कढईच्या आकाराचा कापून, दर फ्रेमला थोडा फिरवायचा म्हणजे प्रकाश वेगळा पडतो आणि तेल तापल्यासारखं चमकतं. मोहरी म्हणजे मंगळसूत्रातले असतात तसले काळे मणी, सुटे विकत मिळतात. हळद म्हणजे पिवळी रांगोळी. कढीपत्ता म्हणजे हिरवी बटणं. हिंगाच्या जागी काय ठेवू ते आठवडाभर सुचलं नाही, मग हिंगाचं रिकामं डबडंच ठेवलं, उघडं.

मोहरी तडतडताना मणी हवेत उडायला हवेत. ते बारीक तारेला एकेक करून अडकवले, तार कढईच्या मागे टेकवली, फोटो काढला, मग एक फोटो मणी आणि तार काहीच नसताना काढून ठेवला, आणि नंतर एडिटिंगमध्ये तारेच्या जागी तो रिकामा फोटो खालून दिसेल असं पुसून टाकलं. या रिकाम्या फोटोला क्लीन प्लेट म्हणतात, प्रत्येक शॉटला एक काढाच, विसरलात तर नंतर रडाल.

पण खरी मजा आवाजाची. मी तडतड खऱ्या फोडणीची रेकॉर्ड केली, मोबाईल कढईपासून हातभर लांब धरून. चित्रात मणी आणि बटणं, कानात खरी फोडणी, आणि बघणाऱ्यांपैकी दोघी म्हणाल्या की वास आला.

सामान काय लागतं? खर्च किती?

मोबाईल, मोबाईल घट्ट धरणारा स्टँड, एक टेबल, दोन दिवे. ॲप म्हणाल तर 'स्टॉप मोशन स्टुडिओ' फोनवर चालतं, सुरुवातीला पुष्कळ झालं. लॅपटॉप आणि चांगला कॅमेरा असेल तर 'ड्रॅगनफ्रेम', मोठे स्टुडिओ तेच वापरतात, पण ते विकत घ्यायची घाई करू नका. ॲपमध्ये एकच गोष्ट बघा, मागचा फोटो पुसटसा दिसतो की नाही. त्याला अनियन स्किन म्हणतात. वस्तू आधी कुठे होती आणि आता कुठे आणलीय ते त्यातूनच कळतं.

बाकी चिकटवायला डबल टेप, भिंतीवर फोटो लावायची ती निळी-पांढरी लगदी, एम-सील (वस्तू परत वापरायची असेल तर नको), ॲल्युमिनियमची तार, खडू. जागा दाखवायला मास्किंग टेप. स्टँडचे पाय जमिनीला टेपने चिकटवून टाका, खरंच सांगते, पायाचा एक धक्का आणि दिवसभराचं काम गेलं. आणि फोन एअरप्लेन मोडवर. मध्येच कॉल आला की फोन थरथरतो आणि फ्रेम सरकते.

माझ्या व्हिडिओत उजेड सारखा कमी-जास्त होतो, लुकलुकतं. काय चुकतंय?

सगळ्यांचं हेच चुकतं, आणि कारणं एकापेक्षा जास्त असतात.

एक, फोन प्रत्येक फोटोला स्वतःच ठरवतो की उजेड किती घ्यायचा, रंग किती पिवळा-निळा, फोकस कुठे. हे तिन्ही लॉक करा. तुम्ही हात पुढे केला की फोनला वाटतं अंधार झाला, पुढचा फोटो उजळ येतो.

दोन, खिडकी. सूर्य तुमच्यासाठी थांबत नाही. सकाळी दहाला सुरू केलेला शॉट दुपारी एकला संपला तर सावल्या फिरलेल्या असतात. खिडकी बंद, त्यावर जाड चादर, आणि फक्त दिव्यावर काम. काही जण मुद्दाम सूर्य फिरू देतात, वस्तू तीच आणि सावल्या धावतात, तोही प्रयोग सुंदर होतो, पण तो ठरवून करा.

तीन, आपली वीज. इथे करंट ५० हर्ट्झचा, म्हणजे साधा दिवा सेकंदाला १०० वेळा कमी-जास्त होतो, डोळ्याला दिसत नाही पण कॅमेऱ्याला दिसतं. शटर, म्हणजे एका फोटोला कॅमेरा किती वेळ उघडा राहतो ते, १/५० किंवा १/२५ सेकंदावर ठेवलं की प्रत्येक फोटोत पूर्ण चक्रं येतात आणि लुकलुक थांबते. वस्तू हलतच नसते, त्यामुळे शटर कितीही हळू असलं तरी फोटो हलत नाही, हा आपला फायदा. व्होल्टेज वर-खाली होत असेल तर बॅटरीवरचे एलईडी दिवे वापरा, आमच्याकडे संध्याकाळी सातला कुणीतरी मोटर लावली की दिवा खाली जायचा, त्यावर मला हाच उपाय सापडला.

चार, तुम्ही स्वतः. पांढरा शर्ट घालून उभे राहिलात तर तुमच्यावरचा उजेड परत वस्तूवर पडतो. काळे कपडे घाला, आणि फोटो काढताना दरवेळी त्याच जागी उभे राहा. स्टीलची भांडी असतील तर त्यात तुम्ही दिसता, ते वेगळंच. स्टीलला मी थोडी टाल्कम पावडर फुंकते, चमक मरते.

आणि पंखा बंद. उन्हाळ्यात त्रास होतो, पण बंद.

माझी वस्तू हलते, पण जिवंत वाटत नाही. नुसती सरकते.

कारण तुम्ही दरवेळी सारखंच अंतर सरकवताय. जगात कुठलीच गोष्ट एकदम पूर्ण वेगाने सुटत नाही आणि एकदम थांबत नाही. समजा वाटी एका सेकंदात २० सेंटीमीटर न्यायचीय, १२ वेळा हलवायची. मिलिमीटरमध्ये असं करून बघा: ३, ७, १४, २२, २७, २७, मग २७, २७, २२, १४, ७, ३. हळू सुटली, मध्ये पळाली, हळू थांबली. पट्टी ठेवून मोजा, लाज वाटायचं कारण नाही, मी अजून मोजते.

पण हा नियम वाटीला. आता लोखंडी खलबत्ता घ्या. तो असा हळूच थांबला तर थर्माकोलचा वाटेल. जड वस्तू सुटायलाच वेळ घेते, आधी थोडी मागे कलते, आठ-दहा फ्रेम काहीच होत नाही, मग निघते, आणि थांबते ती दाणकन. आणि इथे एक युक्ती, वजन त्या वस्तूत दाखवू नका, शेजाऱ्यात दाखवा. खल आपटला त्या फ्रेमला शेजारचा चमचा एक मिलिमीटर हलवा, पुढच्या फ्रेमला परत जागेवर आणा, बाजूच्या पेल्यातल्या पाण्याला बोट लावून तरंग काढा आणि लगेच फोटो घ्या. बघणाऱ्याला खलाचं वजन पोटात जाणवतं.

आणि थांबवायला शिका. नवीन माणूस वस्तूला सतत हलवत ठेवतो, भीती वाटते की थांबली तर मरेल. उलट आहे. डबा चालत आला, थांबला, सहा फ्रेम तसाच, मग झाकण अगदी केसभर वर उचललं गेलं. त्या सहा फ्रेममध्ये तो डबा विचार करत असतो.

कुठली वस्तू कशी हलेल हे कसं ओळखायचं?

इथे मी माझा अडकित्ता सांगते. आजीचा, पितळी, दोन पाय आणि एक चोच, बघताक्षणी वाटतं की हा चालणार. मी तीन आठवडे त्याला चालवायचा प्रयत्न केला. पाय उघडायचे, एक पुढे, मिटायचे, दुसरा पुढे. बाराशेच्या वर फोटो. चालत होता, पण कंपासपेटीतलं कर्कटक जसं चालेल तसा, अडकित्ता म्हणून त्याचं काही म्हणणंच दिसेना.

मग एके दिवशी नुसता हातात धरून बसले आणि सुपारी कातरली, खरी. तेव्हा कळलं की अडकित्त्याला चालायचंच नाहीये. त्याचं सगळं आयुष्य एका क्षणात आहे, सुपारी धरून दाब वाढत जातो, वाढत जातो, काहीच होत नाही, आणि मग कट्. आधीचा जो धीर आहे, ती दाबून धरलेली वेळ, तीच त्याची तब्येत. मी सगळं टाकून दिलं आणि नव्याने केलं. अडकित्ता एका जागी बसलाय, समोरून सुपारी लवंडत येते, तो इतका हळू मिटतो की ३० फ्रेमला चार मिलिमीटर, आणि मग एका फ्रेममध्ये पूर्ण बंद, सुपारीचे दोन तुकडे दोन बाजूंना. चार सेकंद. ती माझी आजवरची सगळ्यात बरी चार सेकंदं आहेत. आजीला तो दात नसलेल्या काळातही रोज हातात लागायचा, कातरून इतरांना द्यायची, ते मला ती फिल्म करताना आठवलं, आधीच्या तीन आठवड्यांत नाही.

म्हणून उत्तर हे की कॅमेरा लावायच्या आधी ती वस्तू तिच्या खऱ्या कामाला दहा वेळा वापरा. श्वांकमायेर मानतात की वस्तूंनी माणसांचे स्पर्श साठवून ठेवलेले असतात आणि ॲनिमेशन करणारा ते फक्त बाहेर काढतो. मला हे अडकित्त्याने पटवलं.

घरातल्या जुन्या, आजी-आजोबांच्या वस्तू वापरणं योग्य का? घरच्यांना आवडत नाही.

विचारून घ्या, एवढंच. आपल्याकडे खंडेनवमीला हत्यारं-अवजारं पुजतात, लक्ष्मीपूजनाला केरसुणीला हळदकुंकू लागतं, म्हणजे वस्तूला जीव आहे हे घरातल्या मोठ्यांना तुमच्या-माझ्यापेक्षा आधीपासून ठाऊक आहे. त्यांना अपमान झाला असं वाटायला नको. देवघरातलं मी घेत नाही, आणि कुणाच्या आठवणीची वस्तू असेल तर तिला भोक पाडत नाही, रंगवत नाही, फोडत नाही. तोडायचीच असेल तर जुन्या बाजारातून तशीच दुसरी आणते.

स्वयंपाकघरातच शूट करावं लागतं, पण कुणीतरी सामान हलवतं. काय करू?

माझ्या फोडणीच्या वेळी चौथ्या दिवशी सकाळी आईने ओटा पुसून स्वच्छ केला, कढई धुऊन पालथी घातली, मणी एका वाटीत भरून ठेवले. तिची काही चूक नव्हती, तो ओटा आहे. तेव्हापासून मी शॉट मोडायची वेळ आली की प्रत्येक वस्तूच्या बुडाभोवती खडूने किंवा टेपने खुणा करते, शेवटचा फोटो मोठा करून बघते, आणि शक्यतो शॉट त्याच रात्री संपवते. घरात एक बाजूचं टेबल मिळालं तर देव पावला समजा. चाळीत किंवा वन-रूम किचनमध्ये राहणाऱ्यांनी मोठा पाट किंवा प्लायवुडचा तुकडा घ्यावा, सेट त्याच्यावरच लावायचा, काम संपलं की अख्खा पाट उचलून पलंगाखाली.

लहान मुलांना कितव्या वर्षापासून जमतं?

सात-आठपासून मजेत जमतं. विळी, सुरी, किसणी, काच, गॅसजवळचं काही नको. मुलांचं एक चांगलं असतं, वस्तू कशी हलेल याबद्दल त्यांची मतं पक्की असतात. मोठ्यांना फोटोंचा कंटाळा येतो, मुलांना येत नाही, त्यांना वाट बघायचा कंटाळा येतो, म्हणून दर २०-२५ फोटोंनी थांबून चालवून दाखवा.

आता एआयला सांगितलं की चमचा नाचतो. मग एवढी मेहनत का?

नाचतो, खरंय. पण तो कुठलातरी चमचा असतो. तुमच्या घरातला, दांड्यावर आजोबांचं नाव कोरलेला, एका बाजूला दबलेला, म्हणून डावीकडेच लवंडणारा चमचा तुम्ही हातात धरून हलवता तेव्हा तो तुम्हाला अडवतो, मध्येच पडतो, आणि पडल्यावर जे होतं ते तुम्ही लिहून आणलेल्या गोष्टीपेक्षा बरं असतं. मला ते अडवणं हवं असतं.

झालेली फिल्म कुठे पाठवायची?

मुंबईत दर दोन वर्षांनी मिफ होतो, माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनचा महोत्सव, १९९० पासून चालू आहे. परदेशात फ्रान्समधलं ॲनसी सगळ्यात जुनं आणि मोठं, १९६० पासूनचं, तिथे प्रयोगांना चांगली जागा असते. पाठवायच्या आधी दोन गोष्टी बघा: डब्यांवरचे कंपन्यांचे लेबल काढले का, आणि संगीत कुणाचं आहे. सिनेमातलं गाणं लावून पाठवू नका. भांड्यांचेच आवाज वापरा ना, भांड्याला भांडं लागलं की आवाज होतोच, तोच रेकॉर्ड करा.

मी अमुक वस्तू घेतली तर चालेल का?

हा प्रश्न रोज येतो, म्हणून पटापट.

कपड्यांचे चिमटे: उत्तम, पहिल्या फिल्मला हेच घ्या, तोंड उघडतं, मिटतं, उभे राहतात, स्वस्त आहेत.

पोळपाट-लाटणं: लाटणं एकटं घ्या, गोल असल्यामुळे थांबत नाही, खाली लगदीचा ठिपका लावा. त्याचा हट्ट पळून जाण्याचा आहे, तो वापरा.

कुकरची शिट्टी: उडी आणि गिरकी दोन्ही आहे तिच्यात. पण ती कुकरवरच छान वाटते, खाली उतरवली की मुकी होते.

चाळणी: ती स्वतः नाही, तिची सावली हलवा. दिवा फिरवायचा आणि चाळणी तशीच. ठिपक्यांची रांगोळी भिंतीवर चालत जाते.

चष्मा: डोळ्यांची गरजच नाही, दोन काड्या म्हणजे पाय, घडी घातली की झोपला.

सेफ्टी पिना: ओळीने एकमेकींना पकडून चालतात, मुंग्यांसारख्या, अवघड आहे पण करा.

केरसुणी: फार केस, प्रत्येक फ्रेमला वेगळे होतात, फिल्मभर अंगावर काटा आल्यासारखी दिसते. मला आवडते.

साडी, चादर, टॉवेल: कापड अवघड. आतून बारीक तार घालून शिवा, नाहीतर हाताचा प्रत्येक स्पर्श दिसतो. टॉवेलपासून सुरू करा, जाड असतो म्हणून घडी धरून ठेवतो.

छत्री: बंद असताना बगळा, उघडताना वटवाघूळ. एकेक काडी दोऱ्याने वर बांधून घ्यावी लागते आणि त्यासाठी वर हुक हवा, आमच्या खोलीत तो पंख्याचाच होता, म्हणून दोन रविवार पंखा उतरवून ठेवला होता.